पहारेकऱ्याचं ताट

माझा धाकटा भाऊ दोमान्तास लहानपणापासून तापट. एका हिवाळ्यात रेडिओ सांगत होता की आमच्या सामुदायिक शेतीनं अळशीचं सगळं पीक वेळेत उचललं, आणि ती अळशी आमच्या दारासमोर बर्फाखाली कुजत पडली होती. शेतीचे अध्यक्ष शाळेत भाषणाला आले तेव्हा हा भर सभेत उठून ओरडला, "खोटं बोलताय!" हेडमास्तरांनी सगळ्यांदेखत त्याच्या कानफटात दिली. आईनं त्याला घरी आणलं, दार लावलं आणि चक्क्याची धिरडी पोटभर खाऊ घातली.

"पुन्हा असा ओरडलास तर मला परत सैबेरियात धाडतील," ती म्हणाली. मग त्याच्या ताटात आणखी एक धिरडं टाकत म्हणाली, "पण आज बरा ओरडलास."

आम्ही दोघं सैबेरियातच, आईवडिलांच्या हद्दपारीत जन्मलो. वडील तिकडेच वारले. परत आलो तेव्हा आमच्या घरात दुसरंच कुटुंब राहत होतं. आईनं गोठ्यात काम धरलं आणि गोठ्याशेजारच्या खोलीत आम्हाला वाढवलं.

"हे लोक आकड्यांत खोटं बोलतात ना, ताई? मग मी आकड्यांतच पकडीन त्यांना," असं म्हणून तो अर्थशास्त्र शिकायला राजधानीत, विल्न्यूसला गेला. हद्दपारांचा पोरगा म्हणून विद्यापीठानं दोनदा दार लावलं, तिसऱ्यांदा घेतलं. पुढे नियोजन संस्थेत नोकरी लागली, तर तिथं साहेबांनी सांगितलं, उत्पादन वाढलंय असं लिही. यानं लिहिलं नाही, वर साहेबांच्या तोंडावर कागद भिरकावले. मग त्याला दुकानांच्या हिशेबनिसांना शिकवायच्या वर्गावर टाकलं. आठ वर्षं तिथं सडवला त्याला. मला आजही त्या साहेबाचं नाव ऐकलं की थुंकावंसं वाटतं.

मग देश जागा झाला, स्वातंत्र्य मागू लागला. चौकात, लाकडी मंचावर उभं राहून माझा भाऊ बोलायचा तेव्हा म्हाताऱ्या बायका रडायच्या. आमच्या जिल्ह्यानं त्याला खांद्यावर घेऊन संसदेत पाठवला.

आणि तिथं तो हळूहळू निवला. टाय आला, गाडी आली, समित्या आल्या. फोनवर मी काही बोलले की म्हणायचा, "ताई, एवढं सोपं नसतं ते." हे वाक्य मला विषासारखं लागायचं.

मंदी आली त्या हिवाळ्यात तो पेन्शनचं खातं सांभाळणारा मंत्री होता. तिजोरी खरंच रिकामी होती. त्यानं कायदा तयार केला: म्हाताऱ्यांची पेन्शन कापायची, आणि त्याच कायद्यानं मंत्री-खासदारांचे पगार आणि भत्तेही कापायचे. पक्षाचा गटनेता युर्गिस बालांदिस, लोण्यासारखा गुळगुळीत माणूस, त्यानं पगार-भत्त्यांचं कलम अलगद काढून टाकलं. पुढच्या वर्षी बघू म्हणे. आणि माझा भाऊ गप्प बसला! टीव्हीवर येऊन मंद हसत म्हणाला, "सगळ्यांनीच थोडं सोसायला हवं."

आई शेगडीपाशी बटाटे सोलत होती. टीव्हीकडे बघत म्हणाली, "हा कोण?"

"आई, दोमान्तास आहे."

"नाही. माझं पोर असं हसत नाही."

पेन्शनरांची बस विल्न्यूसला निघाली त्या दिवशी आई सगळ्यांच्या आधी जाऊन पुढच्या सीटवर बसली. ऐंशी उलटलेली बाई. शेजारची पेत्रोनेले म्हणाली, "स्तेफाकाकू, पोराविरुद्ध मोर्चाला निघालात?"

"त्याला भेटायला चाललेय. तुमची पोस्टरं तुम्ही धरा."

संसदेसमोर माणसांचं रान माजलं होतं. "चोर! चोर!" म्हणून लोक कोकलत होते, पोरं खिडक्यांवर अंडी मारत होती. आईला घेऊन मी बाजूच्या दाराशी थांबले. तो दोन पोलिसांबरोबर बाहेर आला आणि आईला बघून जागीच थिजला.

"आई? एवढ्या थंडीत? चल, आत चल. गरम चहा घे."

"ह्या सगळ्यांना देतोस का चहा?"

"आई, ऐक ना. पैसे नाहीयेत गं देशाकडे. शप्पथ."

"ते मला शिकवू नकोस. सैबेरियात पाव नव्हता, तेव्हा आम्ही सोसलंच ना? पण पहारेकऱ्याच्या ताटात काय आहे ते आम्हाला दिसायचं. तुझ्या ताटातलं आज ह्या सगळ्यांना दिसतंय." मग तिनं त्याच्या कोटाची कॉलर धरली. "तुझा आवाज कुठं गेला रे? तुला राग येत नाही?"

पोलिसांनी त्याला आत नेलं.

आम्ही बसस्टँडच्या खानावळीत बीटाचं गरम सूप घेऊन बसलो. टीव्हीवर संसद चालू होती. दोमान्तास उभा राहिला आणि म्हणाला, काढलेलं कलम परत घाला. बालांदिस बसल्या जागेवरून म्हणाला, "मंत्रिमहोदयांच्या आईनं कान पिळलेला दिसतोय!" सभागृह हसलं.

"हो, पिळला!" माझ्या भावानं बाकावर मूठ आपटली. "तुमच्याही आयांनी पिळायला हवा होता! बाहेर माणसं गोठताहेत आणि तुम्ही इथं भत्ते कुरवाळत बसलाय, लाज कशी वाटत नाही?" अध्यक्षांनी माइक बंद केला, तरी त्याचा आवाज खानावळीत ऐकू येत होता.

कलम पडलं. कायदा पास झाला. त्यानं विरोधात मत दिलं आणि राजीनामा फेकला.

"बरा ओरडला," मी म्हणाले.

आई सुपात पाव कुस्करत होती. "महिनाभर आधी ओरडायला हवं होतं. तेव्हा कलम हातात होतं."

वसंतात आई गेली. तिच्या मातीला पेत्रोनेलेनं दोमान्तासचा हात हातात घेतला नाही. "माझी औषधं बंद केलीस तू," एवढंच म्हणाली. बालांदिस आता कुठल्यातरी उबदार देशात राजदूत आहे. त्याला कुणी विचारत नाही, ह्याला मात्र बाजारात अजून तोंडावर ऐकवतात. आणि माझं म्हणाल, तर मला दोघांचाही राग येतो. भावाचा जास्त, कारण त्याला कळत होतं.

तो गावी परत आला, जिल्हा परिषदेला उभा राहिला आणि आपटला. पुढच्या खेपेला जेमतेम निवडून आला. गेल्या शरदात परिषद आमच्या भागातली रुग्णवाहिका बंद करायला निघाली. त्यानं एकेका गावाचं अंतर मांडलं, मध्येच टेबल बडवलं, दोन सदस्यांशी भांडण काढलं. रुग्णवाहिका राहिली.

दुसऱ्या दिवशी माझ्याकडे जेवायला आला. मी काळा पाव आणि खारवलेली डुकराची चरबी पुढे ठेवली.

"ताई, पेत्रोनेलेनं आज मान हलवली मला बघून," तो म्हणाला.

"तिच्या मानेला झटके येतात," मी म्हणाले. "जेव."