कारणाचा रकाना

मंडळात शास्त्र कमी आणि चहा जास्त असला की किस्से आपोआप साचतात, माळ्यावर रिकाम्या बरण्या साचतात तसे. टाकायला जावं तर दर वेळी वाटतं, असू दे, लागेल कधीतरी.

आमचं ‘काळ-अवकाश कंपन मंडळ, लालबाग’. सभासद चार. संस्थापक आबा परुळेकर, गिरणीत फिटर. काळ आणि अवकाश स्वतःच बारीक थरथरतात आणि नीट धीर धरला तर ती थरथर कागदावर उतरते, अशी त्यांची खात्री. त्यांच्याच खोलीत आढ्याला तारेनं लोखंडी वजन टांगलेलं, वजनाला मोरपिसाची दांडी, दांडीखाली काजळी धरलेला कागद. कागद गुंडाळलेलं छोटं पिंप फिरवायला गजराच्या घड्याळाचं यंत्र.

दर रविवारी सकाळी बैठक. आबा “पाय वर!” म्हणाले की सगळ्यांनी पाय खाटेवर घ्यायचे, जमिनीला धक्का नको म्हणून. मग रेघ हलली की वहीत नोंद: वेळ, कंप, कारण. मी नकाशे काढणारा ड्राफ्ट्समन, म्हणून वही माझ्याकडे.

गोची ‘कारण’च्या रकान्यात होती. रेघ हलली की आबा स्वयंपाकघराकडे तोंड करून विचारायचे, “काय गो, कारण काय?” आणि माई, म्हणजे त्यांची बायको, चुलीपासून न उठता सांगायची, “वरची वयनी मसालो कुटता.” जाऊन बघावं तर खरंच मसाला. एकदा रेघेला सुरेख गोल लाटा आल्या. आबांचे डोळे भरून आले. आतून आवाज, “तिसऱ्या माळ्यार मंगळागौर आसा. फुगडी घालतत.”

आबा मला म्हणायचे, “रिटायर व्हायच्या आत हा रकाना एकदा कोरा राहू दे रे. एकदाच.” त्यांना मोतीबिंदू उतरू लागला होता, त्यामुळे हे ऐकून मला फार वाईट वाटायचं.

*

सोहोनी मास्तर गिरगावातून यायचे. शाळेत पदार्थविज्ञान शिकवायचे, त्यामुळे आमच्यातले शास्त्रज्ञ तेच. त्यांना शोध लागला की दर रविवारी बरोबर दहा वाजता रेघेला मोठा झटका बसतो. दोन महिने त्यांनी पडताळलं आणि सुवाच्य अक्षरात अकरा पानी प्रबंध लिहिला. तो आम्हाला वाचून दाखवला तेव्हा माई चहा घेऊन उभी होती.

“गजर तुमचोच वाजता,” ती म्हणाली. “घंटी काढलात, दांडी तशीच ठेवलात.”

आम्ही घड्याळ उघडलं. दहाच्या ठोक्याला घंटी नसलेल्या जागेवर ती इवलीशी दांडी जीव तोडून आपटत होती, बिनआवाजाची. मास्तरांनी प्रबंधाच्या पाठकोऱ्या बाजूवर पुढं वर्षभर मुलांची गणितं सोडवली.

*

कांबळे वरळीच्या बीडीडी चाळीतला, विणकर. गिरणीतले माग चालू आहेत की बंद, ते त्याच्या तळपायाला कळायचं. त्यानं एकदा मंडळाची शाखा आपल्या चाळीत काढायचं ठरवलं. सगळी सामग्री खांद्यावर नेली, वजन टांगलं, पाय वर घेतले. पाच मिनिटांत कागदावरची सगळी काजळी पुसली गेली. रेघ कुठली, कागद पांढराशुभ्र.

संध्याकाळी त्यानं वही परत आणून दिली. कारणाच्या रकान्यात लिहिलं होतं, “माणसं.” शाखा तिथंच संपली.

*

संयुक्त महाराष्ट्राचे दिवस. चार माणसं दार लावून बसली की पोलिसांना कटाचा वास यायचा. एका रविवारी हवालदार आला. टांगलेलं वजन, काळा कागद आणि खाटेवर पाय घेऊन बसलेले चौघे बघून तो दारातच थबकला.

“पाय वर!” आबा ओरडले.

सवयीनं हुकूम पाळणारा माणूस. बूट काढून खाटेवर चढला, बूट मांडीवर घेतले आणि आमच्यासारखाच रेघेकडे बघत बसला. अर्ध्या तासानं खालून त्याच्या साहेबाची हाक आली, “काय सापडलं का रे?”

“नाही साहेब,” हा मान न हलवता म्हणाला, “अजून हललं नाही.”

*

नवं राज्य झालं त्या दिवशी गिरण्या बंद, आणि आख्खी चाळ मिरवणुकीबरोबर दादरच्या बाजूला गेलेली. मास्तर आणि कांबळेही तिकडेच. आबा मात्र जाईनात. म्हणाले, “एवढी शांत चाळ पुन्हा मिळायची नाही.” पुढच्या महिन्यात ते रिटायर होणार होते. मला त्यांना एकटं सोडवेना. आम्ही दोघंच खाटेवर पाय घेऊन बसलो, माई आत स्वयंपाकघरात.

दुपारी रेघ हलली. एका लयीत, हळू, मग जलद, मग आणखी जलद, आणि एकदम थांबली. वर कोणी नाही, खाली कोणी नाही. आबांनी माझा हात घट्ट धरला.

“काय गो,” ते म्हणाले, “कारण काय?”

आतून माईचा आवाज आला, “माका नाय म्हायत.”

आबांनी वही माझ्याकडून घेतली, वेळ लिहिली, कंप लिहिला आणि रकान्याच्या कोऱ्या जागेवरून बोट फिरवत बसले. इतका आनंदी माणूस मी त्याआधी पाहिला नव्हता.

मी पाणी प्यायला आत गेलो. माई आणि शेजारची काशीताई भिंतीला टेकून बसल्या होत्या. दोघींचे पदर कमरेला खोचलेले, अंबाडे सुटलेले, तळवे लालबुंद, आणि छाती धपापत होती. माईनं माझ्याकडे बघून ओठांवर बोट ठेवलं.

मी पाणी प्यालो, बाहेर आलो आणि साक्षीदार म्हणून सही केली.