'स्वेअर' नव्हे, 'अफर्म'

समोरच्या घरातल्या काकूंच्या लेकीनं मला तारलं, हे आधी लिहिते. काय झालं ते मागून. ती इथंच अमेरिकेत, हर्नडनला जन्मली, कॉलेजात इंग्लंडचा जुना इतिहास शिकवते. मी सातवीत शाळा सोडलेली, लोकांकडे पोळ्या करणारी. तरी मला मावशी म्हणते.

सिटिझनशिपची परीक्षा मी पास झाले होते. राहिली होती शपथ, आणि तिथंच माझं अडलं. माहेरी आमच्याकडे देवाची शपथ कुणी घेत नाही. आई म्हणायची, खऱ्याला शपथ लागत नाही आणि खोट्याला ती पुरत नाही.

नवरा वैतागला. "अगं, नुसते ओठ हलव ना! हॉलभर माणसं असतात, कोण बघतंय?"

"मी बघतेय," म्हटलं खरं, पण शपथ नाही तर सिटिझनशिप नाही. इतक्या वर्षांची धडपड पाण्यात.

काकूंकडे पोळ्या द्यायला गेले तेव्हा लेकीनं चेहऱ्यावरून ओळखलं. सगळं सांगितलं. वाटलं, हसेल. तर म्हणाली, "मावशी, अशा हट्टी लोकांवरच तर मी क्लास घेते!"

मग सांगत बसली. चार-पाचशे वर्षांपूर्वी इंग्लंडात राजाच चर्चचा मुख्य झाला. राजा बदलला की पूजेची रीत बदलायची, आणि लोकांना शपथ घ्यायला लावायची: बोल, तू कुणाचा, आमचा की पोपचा? त्यात क्वेकर नावाचे साधे लोक निघाले. म्हणाले, आम्ही नेहमी खरंच बोलतो, मग शपथ कशाला?

"सेम टू सेम तुझी आई!" ती म्हणाली. "बायका-पुरुष जेलमध्ये गेले, पण शपथ नाही घेतली. शेवटी सरकारच थकलं. नुसतं 'अफर्म', म्हणजे 'खरं सांगतो' एवढं म्हटलेलं चालू लागलं. तीच सोय इथं आली. तू पण शपथेचा 'स्वेअर' म्हणू नकोस, 'अफर्म' म्हण. देवाचं नाव गाळ. ऑफिसरला आधी सांगू, मी येते ना."

मला तुरुंगातल्या त्या बायकाच दिसत राहिल्या. एका शब्दासाठी घरदार सोडून बसलेल्या. केवढ्या धीराच्या!

ऑफिसर नुसता "शुअर, मॅम" म्हणाला. हॉलभर माणसांत मी 'अफर्म' म्हटलं, शब्द माझाच होता. लेक मागच्या खुर्चीवर रजा टाकून बसली होती.

शेकडो वर्षांपूर्वीचं वेडंवाकडं इंग्रजी अक्षर ती सहज वाचते, पण मराठी बोलता येऊनही तिला वाचता येत नाही. काकूंना त्याची फार खंत. बाराखडी तर मला येते. एक दिवस तिला मराठी वाचायला शिकवीन. म्हटलंय, म्हणजे शिकवीनच.