सर्दी झाली होती मले

दिवाकरभाऊंचा आवाज मी पुसला. हे आधी लिहितो, नाहीतर पुढचं काहीच लिहिता येणार नाही.

भाऊंना जाऊन दीड महिना झाला. हिवाळाभर वडशाच्या मंडळीबरोबर झाडीपट्टीची नाटकं करायची आणि उन्हाळ्यात स्वतःचा सिनेमा, असं त्यांचं चाले. निर्माते तेच, नायक तेच, शूटिंगच्या गाडीचे ड्रायव्हरही तेच. मोहफुलं वेचायच्या दिवसांत आम्ही गडचिरोलीच्या जंगलातल्या गावांत शूटिंग केलं. आवाज आणि संकलन माझ्याकडे होतं. नाटकात माईक बंद पडला तरी भाऊंचं वाक्य शेवटच्या रांगेपर्यंत जाई. तोच आवाज नागपूरच्या स्टुडिओत ऐकताना मला लाज वाटली... मीही आरमोरीकडचाच, पण ‘मले-तुले’ सोडून बरीच वर्षं झाली होती. ही बोली बाहेर कुणाला कळणार, असं म्हणत मी भाऊंच्या जागी दुसऱ्याच माणसाकडून डबिंग करून घेतलं. भाऊ तेव्हा दौऱ्यावर होते. मूळ आवाज आता कशाला लागतो, म्हणून तो पुसूनही टाकला.

चंद्रपूरला सिनेमा पहिल्यांदा पाहून भाऊ बाहेर आले, पायरीवर बसले. “बोल्ते बरा,” म्हणाले. “पन कोन होय रे तो?”

चहा आणतो म्हणून मी तिथून निघालो. त्यांनी पुन्हा विचारलं नाही. थिएटर मिळेना तेव्हा गावोगावी स्वतः पडदा बांधून त्यांनी तो सिनेमा दाखवला. लोक हसायचे.

“का जी भाऊ, तुमी पुन्याचे कवा झाले?”

“शूटिंगमंदी सर्दी झाली होती मले.”

मी प्रोजेक्टरपाशी उभा असायचो. माझं नाव त्यांनी कधीच घेतलं नाही.

भाऊंचा तंबाखू-सुपारीचा खर्रा काही सुटला नाही. घशाचा कॅन्सर झाला, ऑपरेशनमध्ये आवाजच गेला. शेवटच्या भेटीत ते ओठ हलवून काहीतरी सांगत होते. मला कळलं नाही, तरी कळल्यासारखी मान हलवली...

तेरवी झाल्यावर वहिनींनी विचारलं, “भाऊजी, त्यायचा आवाज असन ना तुमच्याकडं? मले आयकाचा हाय.” मी सगळं शोधलं. लोकांच्या मोबाइलांत नाटकांचे तुकडे सापडले. त्यांत पेटी होती, टाळ्या होत्या. भाऊ कुठेतरी मागे, पुसट.

वहिनींच्या सांगण्यावरून परवा गावात त्यांचाच जुना पडदा बांधून सिनेमा लावला. घड्या पडून पडून त्याच्यावर रेघा उमटल्या आहेत. भाऊ पडद्यावर आले, बोलू लागले. तशा वहिनी म्हणाल्या, “तो आवाज बंद करा जी. तो मानूस नाई पायजे मले.”

मी आवाज बंद केला. भाऊंचे ओठ हलत राहिले. सारं गाव बघत होतं. मी माईक हातात घेतला आणि पडद्याकडे तोंड केलं. इतक्या वर्षांनी आमची बोली तोंडात आली.

“भाऊ, सर्दी नोती झाली तुमाले. तुमचा आवाज मीच पुसला. मले माफ करा.”