नागरिकांमधून तीव्र संताप

हे मी कुणाजवळच बोललेलो नाही. बायकोजवळही नाही — आणि ती तर त्या दिवशी दारातच उभी होती. आज सांगून टाकतो. नुसतं ठरवलं तरी मन मोकळं झालं, खोटं कशाला बोलू?

मी बदलापूरच्या एका छोट्या पेपरचा वार्ताहर. गटार तुंबलं, पाणी आलं नाही — असल्या बातम्या. बातमीत स्वतःचं मत घालायचं नाही, हे आम्हाला पहिल्याच दिवशी बजावतात. आणि घालायचंच असेल तर? त्याचीही सोय आहे. शेवटी एक ओळ टाकायची — ‘नागरिकांमधून तीव्र संताप व्यक्त होत आहे.’ मत आपलं, तोंड नागरिकांचं.

बदलापुरातल्याच शिरगावात आमच्या बिल्डिंगमागच्या मैदानात वैशालीताई मुलींचं ढोलपथक चालवायच्या. दिवसा अंबरनाथला कंपनीत पॅकिंग, संध्याकाळी सराव. मुली गणपतीत वाजवायच्या, भीमजयंतीलाही. त्या वर्षी उल्हासनगरच्या एका मोठ्या मंडळाने त्यांना पहिल्यांदाच मिरवणुकीला बोलावलं होतं.

त्यांच्या सरावाची वेळ आणि माझी बातम्या पाठवायची वेळ एकच. डोकं उठायचं. खाली जाऊन दोन शब्द बोलता आले असते — नाही का? मी गेलो नाही. बातमी लिहिली. ‘ढोलांच्या दणदणाटाने शिरगावकर हैराण.’ वर नुसतं ‘प्रतिनिधी’. किती शिरगावकरांना विचारलं होतं? एकालाही नाही.

मैदानाची परवानगी रद्द झाली. मग वैशालीताई कात्रण घेऊन माझ्याकडेच आल्या — मी पेपरात आहे म्हणून. रागावलेल्या नव्हत्या. रागावल्या असत्या तर बरं झालं असतं.

“दादा, कंप्लेंट कोणी केली तेवढं विचारून द्या ना. भांडायचं नाय मला. एकेकाच्या घरी जाऊन माफी मागते, टाइम पण बदलते.”

“ताई, अशी नावं बाहेर देता येत नाहीत,” मी म्हणालो. केवढ्या रुबाबात म्हणालो!

त्या मग स्वतःच दारोदार फिरल्या. फिरत फिरत पुन्हा आमच्याकडे आल्या. दार बायकोने उघडलं. आम्हाला कसला त्रास, उलट मुली वाजवतात तर बरं वाटतं, असं ती मनापासून म्हणाली. सगळेच असं म्हणाले, वैशालीताई सांगत होत्या. मग त्यांनी विचारलं, “मग हाय तरी कोण हो तो?”

मी आतल्या खोलीत होतो. सगळं ऐकू येत होतं. उठलो नाही.

पथक मोडलं. मुली पांगल्या, ढोल विकले गेले. उल्हासनगरच्या मिरवणुकीत दुसरंच पथक वाजलं — आणि ती बातमीही मीच दिली.

हा मजकूर आमच्याच पेपरला दिलाय. या वेळी वर माझं नाव आहे, पूर्ण. इतकं हलकं वाटतंय की त्याचीही थोडी लाज वाटते. बायको सकाळी चहाबरोबर वाचेल. वैशालीताईही वाचतील.

ताई, तुमच्या ढोलांवर चिडलेला शिरगावात एकच माणूस होता. तुम्ही दोनदा त्याच्या दारात येऊन गेलात.