अखेरच्या सामन्याआधीचा फोन

ज्याच्या स्मरणावाचून माझ्या बालपणी पाटीवर पहिले अक्षर उमटत नसे त्या गजाननाला, आणि थकलेल्या जिभेला अजूनही शब्द पुरवणाऱ्या शारदेला वंदन करून मी हे लिहावयास बसलो आहे. प्रसंग आपल्या मंडळाच्या गणेशोत्सवी अंकाचा आहे. अंकाचे काम पाहणाऱ्या ताईंनी "काका, काहीतरी प्रसन्न लिहा" असे सुचवले होते. त्यांची क्षमा मागतो. गणपतीचे दिवस आले की मला आमच्या शेजाऱ्यांची आठवण होते, आणि ती आठवण प्रसन्न नाही.

गोष्ट काही वर्षांपूर्वीची, या नव्वदच्या दशकाच्या आरंभीची आहे. पत्नीच्या निधनानंतर पाठशाळेतील अध्यापन सोडून मी मुलाकडे, सिडनीत पेंडल हिलला राहावयास आलो. मुलगा इंजिनियर, सूनबाई रुग्णालयात डॉक्टर, नात शाळेत. सकाळी आठनंतर घरात मी आणि देव एवढेच उरत असू. पूजा कितीही सावकाश केली तरी ती दहाच्या आत संपे, आणि पुढचा दिवस तसाच पडून राही.

पहिल्या वर्षीच्या गणेशचतुर्थीला दूर्वांची अडचण आली. आमच्या अंगणात सिमेंट होते. शेजारच्या अंगणातील हिरवळ मात्र अस्सल दूर्वांची होती. इकडे त्या गवताला 'काऊच' म्हणतात आणि त्यावर यंत्र फिरवतात. मी कुंपणातून हात घालून एकेक अंकुर निवडून खुडत होतो, तोच वरून आवाज आला.

"प्रोफेसर, ससा पाळला आहे का?"

ते शेजारी इजिप्तचे होते; मी शिकवीत असे हे त्यांना माझ्या मुलाकडून कळले होते. अलेक्झांड्रियाच्या एका शाळेत व्यायामशिक्षक म्हणून त्यांचे आयुष्य गेलेले. धर्माने कॉप्टिक ख्रिस्ती, वयाने माझ्याच जवळपासचे. दूर्वांचे प्रयोजन मी माझ्या पुस्तकी इंग्रजीत त्यांना समजावले. त्यांनी ते शांतपणे ऐकून घेतले आणि म्हणाले, "हत्तीचे तोंड असलेला देव, आणि एवढेसेच गवत खातो? आत या. हवे तेवढे घ्या." त्यानंतर कुंपणाची एक फळी त्यांनी कायमची काढून ठेवली.

आमचे सख्य जुळले ते उपासांवर. त्यांच्या पंचांगात उपासांचे दिवस आमच्याहून अधिक, परंतु नियम उलटे. त्यांच्या पत्नींनी एकदा तेलात शिजवलेल्या, पावट्यांसारख्या मोठ्या दाण्यांची वाटी आणली. माझी संकष्टी होती, आणि मला कडधान्य चालत नव्हते. मी दूध पुढे केले. त्यांना उपासाला दूध चालत नव्हते.

"तुमचा देव बटाटा देतो, आमचा पावटा देतो," शेजारी म्हणाले. "दोघांनी एकत्र बसून ठरवले असते तर आपल्याला नीट जेवता आले असते."

त्यांच्या पत्नींना मी 'सिस्टर' म्हणत असे. आमच्यात फक्त मठातल्या जोगिणींना तसे म्हणतात, असे त्यांनी मला हसत सांगितले. मी शब्द बदलला नाही आणि त्यांनीही पुन्हा टोकले नाही.

त्यांचा एकुलता एक मुलगा मागे कैरोत राहिला होता. तो त्यांच्या देशाच्या बास्केटबॉल संघात होता. वडिलांनीच त्याला शाळेच्या मैदानावर हा खेळ शिकवला होता. त्याचे इकडे येण्याचे कागद केव्हाच तयार झाले होते, परंतु आफ्रिका खंडातील राष्ट्रांच्या पुरुष संघांची स्पर्धा तोंडावर आली होती. "ही एवढी स्पर्धा खेळतो, मग येतो," असे तो सांगत असे. शेजाऱ्यांनी त्याच्यासाठी गॅरेजच्या कपाळावर चेंडू टाकण्याचे लोखंडी कडे ठोकून ठेवले होते आणि मागची खोली रंगवून घेतली होती.

पुढच्या वर्षी स्पर्धा नैरोबीला होती आणि ती नेमकी गणेशोत्सवातच आली. आमच्याकडे गणपती अनंत चतुर्दशीपर्यंत असे. सप्टेंबरात या शहराची वर्तमानपत्रे फूटीच्या, म्हणजे इकडच्या फुटबॉलच्या, अखेरच्या सामन्यांनी भरलेली असतात. आफ्रिकेतल्या बास्केटबॉलची त्यांत एक ओळही येत नव्हती. बातमी येण्याची वाट एकच होती. सामना झाला की मुलगा फोन करी, आणि आमच्याकडे तेव्हा सकाळ असे. मग शेजारी कुंपणाशी येत, कपडे वाळत घालण्याच्या फिरत्या दांडीवर चिमटे लावून मला सामना दाखवीत. पिवळा चिमटा म्हणजे त्यांचा मुलगा.

"हा पिवळा नेहमी कोपऱ्यातच का?" मी एकदा विचारले.

"कारण प्रशिक्षक त्याला थोडाच वेळ आत पाठवतो. पण प्रोफेसर, कोपऱ्यातून चेंडू टाकणे सर्वांत अवघड."

"आमच्या वर्गात कोपऱ्यात बसणारी मुले काहीच करीत नसत."

"तुम्ही त्यांच्याकडे चेंडू फेकून पाहिला नसेल."

त्यांचा संघ उपान्त्य सामना जिंकला, त्या सकाळी ते धावत नव्हे, परंतु त्यांच्या प्रकृतीला शोभणार नाही इतक्या घाईने कुंपणाशी आले. हृदयाचा विकार त्यांना होताच. मुलगा शेवटची काही मिनिटे खेळला होता. आता अखेरचा सामना. "उद्या संध्याकाळी, सामन्याला जाण्यापूर्वी तो फोन करील," ते म्हणाले. "लहानपणापासून मोठ्या सामन्याआधी मी त्याच्या डोक्यावर हात ठेवतो. आता फोनवरच ठेवायचा." आमच्या गणपतीपुढे क्षणभर उभे राहून, छातीवर आपल्या पद्धतीने क्रूस रेखून ते घरी गेले.

दुसऱ्या दिवशी पहाटे रुग्णालयात त्यांचे निधन झाले. सूनबाईची पाळी होती. तिनेच घरी फोन करून सांगितले. मी सोवळे सोडले, साधे धोतर नेसलो आणि फळी काढलेल्या जागेतून पलीकडे गेलो.

घरात त्यांच्या पत्नी आणि पत्नींचे भाऊ होते. धर्मगुरू येऊन गेले होते. मी नकळत आधी आपल्या रीतीनेच बोललो. म्हणालो, "मुलगा येईपर्यंत थांबावे लागेल. त्याच्याविना संस्कार कसे होतील?"

"आमच्यात ते काम धर्मगुरूंचे," सिस्टर म्हणाल्या. "परवा दफन आहे. तो एवढ्यात पोहोचूही शकणार नाही." मग काही वेळाने म्हणाल्या, "प्रोफेसर, आज संध्याकाळी फोन येईल. तो वडिलांना मागेल."

भाऊ म्हणाले, "सांगायचे नाही. म्हणायचे, औषधाने डोळा लागला आहे. उद्या सामना संपल्यावर सांगू. एका रात्रीने काय बिघडते?"

"धर्मगुरू म्हणतात, तूच ठरव," त्या म्हणाल्या. "माझे पती तुमचे ऐकत असत. तुमच्या धर्मात काय सांगितले आहे?"

मला विचार करण्यास वेळ हवा होता. मी घरी आलो. माझा मुलगा रजा काढून थांबला होता, नातही शाळेत गेली नव्हती. दोघांना मी सांगितले, की आपल्या शास्त्रात याचा निवाडा आहे. संकल्प करून ज्याने कर्माला आरंभ केला, त्याला ते पुरे होईपर्यंत अशौच लागत नाही. आणि दूर देशी असलेल्याला वार्ता कानी पडेपर्यंत अशौच नाहीच.

"बाबा, ते यज्ञाबद्दल आहे ना?" मुलगा म्हणाला. "बास्केटबॉल कुठे बसतो त्यात?"

"ज्या कर्मासाठी त्याने आईबापांकडे येणे लांबणीवर टाकले, त्याला मी यज्ञापेक्षा हलके कसे म्हणू?"

नात जवळच बसून ऐकत होती. "इट्स हिज डॅड, आजोबा," ती म्हणाली. "यू कान्ट डिसाइड फॉर हिम."

संध्याकाळी आरती मुलाकडे सोपवून मी पुन्हा शेजारी गेलो आणि सिस्टरांना शास्त्राचा निर्णय सांगितला. शब्द जपून वापरले. सामना संपेपर्यंत थांबलात तर त्यात दोष नाही, असे म्हणालो. भावाने मान डोलावली.

सिस्टरांनी सर्व ऐकून घेतले. मग विचारले, "हा नियम मुलासाठी झाला. त्याला दोष लागत नाही, कारण त्याने ऐकले नाही. पण ज्याने ऐकू दिले नाही, त्याच्यासाठी तुमच्या शास्त्रात काय आहे?"

ज्या ग्रंथांत माझे आयुष्य गेले, ते सारे मी त्या स्वयंपाकघरात उभ्या उभ्या मनात उलगडले. वार्ता ऐकणाऱ्याचे नियम पुष्कळ आहेत. ती दडवून ठेवणाऱ्या आईचा नियम मला आठवला नाही. तो आहे असे मला आजही ठाऊक नाही. तसे मी त्यांना सांगितले.

"मग मला ठरवू द्या," त्या म्हणाल्या.

आमच्या घरातून आरतीच्या टाळांचा आवाज येत होता तेव्हा फोन वाजला. भाऊ उठून खोलीबाहेर गेले. सिस्टरांनी फोन उचलला आणि उभ्या राहूनच बोलू लागल्या. त्या अरबीत बोलल्या. मला भाषा येत नव्हती, तरी केव्हा सांगितले गेले ते मला कळले, कारण त्यानंतर पुष्कळ वेळ दोन्ही बाजूंनी कोणीच बोलले नाही. मग पलीकडून काहीतरी विचारले गेले. त्यांनी उत्तर दिले, आणि त्या उत्तरात माझ्या ओळखीचा एकच शब्द आला, 'प्रोफेसर'.

फोन ठेवल्यावर त्यांनी सांगितले, "त्याने विचारले, मागचा फोन तू उचलला होतास, आम्ही जिंकल्याचे बाबांना कळले होते ना? मी म्हणाले, कळले होते, कुंपणाशी जाऊन प्रोफेसरांनाही सांगून आले होते." थोडे थांबून म्हणाल्या, "खेळू का, असेही विचारले. मी सांगितले, बाबा खेळ म्हणाले असते. चुकले का माझे?"

मी म्हणालो, "ते तसेच म्हणाले असते." घरी येऊन स्नान केले आणि मग गणपतीपुढे बसलो. मंत्रपुष्पांजली झाली होती. त्या दिवशी मी देवाजवळ त्या मुलाच्या जयाखेरीज काहीही मागितले नाही.

अखेरचा सामना त्यांचा संघ हरला. हे आम्हाला सकाळी आलेल्या फोनवरून कळले. तो फोन मुलाचा नव्हता, संघाबरोबरच्या कोणा अधिकाऱ्याचा होता.

शेजाऱ्यांचा मुलगा आला तेव्हा नोव्हेंबर लागून आमच्या रस्त्यावर जांभळा जॅकरँडा फुलला होता. दारातून आत येताना त्याला वाकावे लागले. सिस्टरांनी मला चहाला बोलावले. मुलगा माझ्यासाठी इंग्रजीत बोलत होता, अगदी हळू, वडिलांसारखेच शब्द निवडून. सामन्याची गोष्ट त्याने आपण होऊन काढली.

"मी प्रशिक्षकांना सांगितले, मी खेळणार आहे. त्यांनी मला मिठी मारली आणि सबंध सामना मला बाकावर बसवून ठेवले. त्यांना वाटले, ते माझ्यावर दया करत आहेत. शेवटी आमचा एक खेळाडू बाद झाला तेव्हा मी उठलो, जाकीटही काढले. त्यांनी माझ्या खांद्यावर हात ठेवून मला पुन्हा खाली बसवले."

सिस्टरांच्या हातातला पेला खाली आला. इतक्या दिवसांत त्यांनी हे पहिल्यांदाच ऐकले असावे. त्या म्हणाल्या, "म्हणजे मी सांगितले नसते तर तू खेळला असतास."

"हो," तो म्हणाला. "खेळलो असतो. कदाचित चांगलाही खेळलो असतो."

मला माझा निवाडा आठवत होता. शास्त्राप्रमाणे चालले असते तर या मुलाला त्याचा सामना मिळाला असता, हे मला दिसत होते, आणि ते उच्चारणे क्रौर्य आहे हेही दिसत होते.

"पण आई," तो पुढे म्हणाला, "सामना संपल्यावर पहिला फोन मी बाबांनाच केला असता. हरलो तरी. हरल्यावर तर नक्कीच. ते ओरडले असते, मग समजावले असते. तो फोन तू कसा उचलला असतास?"

सिस्टर दफनाच्या दिवशी रडल्या नव्हत्या. त्या दिवशी मुलाच्या गुडघ्यांवर डोके ठेवून त्या रडल्या. तो त्यांच्या केसांवरून हात फिरवीत राहिला. त्याचे डोळे मात्र खिडकीकडे होते, आणि त्यांत आनंद नव्हता, समाधानही नव्हते. आई खरे बोलली होती. त्याचा अखेरचा सामना गेला होता, आणि वडिलांना भेटण्यासाठी त्याच सामन्यामुळे उशीर झाला होता. यांतले काहीही एकमेकांची भरपाई करीत नव्हते. मी चहा संपवला आणि निरोप न घेता फळीच्या वाटेने परतलो.

पुढे ते कुटुंब मेलबर्नकडे गेले. तो मुलगा पुन्हा संघातून खेळला नाही, एवढे मला ठाऊक आहे.

वाचकहो, आपणही दूर देशी राहता. आपल्यापैकी अनेकांचे जन्मदाते समुद्रापलीकडे आहेत आणि त्यांची खुशाली आपणास तारेतून येते. श्रीगजानन आपल्याला आणि आपल्या घरातील लहानथोरांना दीर्घायुष्य देवो. आपल्या दारी शुभवार्ता वारंवार येवोत. आणि टळत नाही अशी दुसरी वार्ता यावयाची झाली, तर ती आपल्याला आपल्याच माणसाच्या तोंडून कळो, आणि ती सांगण्याचे बळ त्या माणसाला मिळो. आपल्या कुलाचे सर्वथा कल्याण असो.