वॉर्डाचा शार्क

ज्या गावाला समुद्र नाही, त्या गावात शार्कचे किस्से किती साचावेत, याला काही लिमिट? मुंबईकडच्या माणसाला विचारा, एखादा सांगेल, तोही टीव्हीवर बघितलेला. मला विचारा की! शहागंजात माझं पाळायच्या माशांचं दुकान आहे. खायचे नाही, बघायचे. ज्या शहरात नळाला पाणी आलं की लोक एकमेकांना फोन करून कळवतात, तिथं मी काचेच्या पेट्या भरून मासे विकतो. म्हणजे मी काही फार शहाणा नाही. पण किस्से पोत्यानं आहेत, अन् त्यातले निम्मे एकट्या शार्कचे.

आधीच सांगून ठेवतो, नंतर कुणी भांडायला नको. आमच्या धंद्यात शार्क म्हणून जो मासा मिळतो, तो शार्क नसतो. गोड्या पाण्यातला गरीब जीव, मांगूर माशाच्या भावकीतला. अंग चंदेरी, पाठीवर तिकोनी पंख उभा, ऐट मात्र शार्कची! बोटाएवढा घ्यायचा, पोटभर खाऊ घातला की हातभर होतो. बाजारात नाव पडलं शार्क, ते पडलं. आपण काय करणार?

*

दुकानात माझे पार्टनर अन्वरभाई. माणूस दिलदार, पण गिऱ्हाइकाला कधी 'नाही' म्हणायचा नाही, अशी शपथच घेतलेली.

शार्क बघितला की गिऱ्हाईक हमखास विचारतं, "चावतो का हो?"

मी खरं सांगायला तोंड उघडतो, तेवढ्यात अन्वरभाई पुढं होतात.

"आपकू कैसा होना? काटनेवाला होना तो काटता. नक्को तो नक्को!"

एकाच पेटीतले दोन मासे एकाच दिवशी विकले आम्ही. एक चावणारा म्हणून सिडकोत गेला, एक न चावणारा म्हणून बेगमपुऱ्यात. दोघांचीही तक्रार आली नाही.

*

एकदा एक सायन्सचे सर आले. पेटीला नाक लावून बराच वेळ बघत राहिले, अन् मग आवाज चढवला.

"हा शार्क नाही! ही फसवणूक आहे! शार्कला खवल्यांच्या जागी वेगळीच कातडी असते, हाडं नसतात, आणि हा..."

अन्वरभाईंनी शांतपणे चहा मागवला. "सर, आप कौनसे स्कूल में?"

सरांनी नाव सांगितलं. नावात 'इंटरनॅशनल' होतं.

"किधर है ये स्कूल?"

"बायपासच्या पलीकडं. ढाब्याच्या मागं."

"बस, सर," अन्वरभाई बशी पुढं सरकवत म्हणाले, "वैसाच ये शार्क है!"

सरांनी चहा घेतला. जाताना दोन शार्क पण घेतले.

*

आता भाऊसाहेब. आमच्या पुंडलिकनगरकडच्या वॉर्डाचे नगरसेवक अन् माझे शेजारी. ते निवडून आले तेव्हापासून आमच्या गल्लीला रोज पाणी मिळणार आहे. या खेपेला पक्ष त्यांचं तिकीट कापणार, अशी कुजबुज सुरू झाली, अन् भाऊसाहेबांच्या तोंडचं पाणी पळालं. गल्लीतलं आधीच पळालेलं होतं.

तिकीट वाचवायचं म्हणजे काम दाखवायला पाहिजे. म्हणून ते पाण्याचा अभ्यास करायला निघाले. कुठं? कोकणात! "जिथं पाणी हाय तिथं जाऊनच अभ्यास व्हतो," असं त्यांचं मत. "तू माशातला माणूस, चल," म्हणून मलाही गाडीत कोंबलं.

समुद्रात भाऊसाहेब गुडघाभर पाण्यात उभे राहिले. छाती पुढं, हात कमरेवर, कार्यकर्ता फोटो काढतोय. अचानक किंकाळी! "धरलं! शार्कनं मांडीला धरलं!" अन् असे पळत सुटले की वाळूत दोनदा पडले.

मी जाऊन बघितलं. चड्डीची नाडी सुटून मांडीला लागत होती. त्यांचीच नाडी.

जाळं आवरत बसलेला एक म्हातारा कोळी हसून हसून बेजार झाला. "साहेबानू, तो मासो माणसाक भियता!"

"मला ओळखतो?" भाऊसाहेबांनी एवढ्या धापेतही विचारलं.

"नाय ओ. आमी खातंव ना त्याका!"

*

दुपारी खानावळीत बसलो. मालकीणबाई प्रेमानं म्हणाली, "आज मोरीचं मटण केलंय. देऊ?"

भाऊसाहेबांचा चेहरा उतरला. मग तापला. आमच्याकडं मोरी म्हणजे काय, ते तुम्हाला माहिती आहे. आंघोळीचं, भांड्याचं सांडपाणी जातं ती मोरी.

"अवो बाई! मराठवाड्यातून आलो म्हणून मोरीतलं खाऊ घालता व्हय? आमच्यात मोरीत भांडी घासत्यात!"

बाई आधी चकित झाली, मग पदर तोंडाला लावून हसली. "अहो, मोरी म्हणजे शार्क! इंग्लिशीत शार्क म्हणतत ना, तोच."

सकाळी ज्याच्या नुसत्या नावानं भाऊसाहेब पळाले, तो आता ताटात यायला तयार. भाऊसाहेबांनी बाह्या मागं सारल्या अन् तीन वाट्या खाल्ल्या. रस्सा होताच तसा! मी पण कमी खाल्ला नाही.

गाडी घाटाला लागली तसे भाऊसाहेब सरसावून बसले. मग म्हणाले, "आपल्या शहरात वाघ किती झाले, सांग बरं?"

"कुठले वाघ, भाऊसाहेब?"

"फ्लेक्सवरचे! ह्या वॉर्डाचा वाघ, त्या चौकाचा वाघ, मराठवाड्याचा वाघ. लोक बघत बी नाय आता. पर त्यातल्या एकानं तरी वाघ खाल्लाय का? नाय ना? आपण शार्क खाल्ला!"

*

चार दिवसांत चौकात फ्लेक्स लागला. 'वॉर्डाचा शार्क'. भाऊसाहेब हात जोडून, अन् बाजूला पाण्यातून उसळी मारणारा शार्क. फक्त तो शार्क लई प्रेमानं हसत होता. प्रिंटिंगवाल्यानं डॉल्फिन टाकला होता!

भाऊसाहेब तडक प्रिंटिंगच्या दुकानात गेले. "शार्क कधी हसतो का रे? दातवाला का नाय टाकला?"

पोरगं बिचारं प्रामाणिक. "दातवाला टाकून बघितला, भाऊ. पण मग दोघांत उमेदवार कोण, तेच कळंना."

*

मग ऑर्डर आली. गल्लीतल्या संपर्क कार्यालयात पेटी पाहिजे, भिंतीएवढी, अन् आत जिवंत शार्क. पक्षाचे निरीक्षक मुंबईहून रविवारी येणार होते. तिकीट द्यायचं की कापायचं, ते त्यांच्या अहवालावर ठरणार होतं. आमच्या दुकानात एक हातभर वाढलेला शार्क होताच, तो अन्वरभाईंनी निवडला. साहजिकच 'काटनेवाला'.

पेटी भरायला शनिवारी टँकर आला. गल्लीत टँकर शिरला की काय होतं, ते सांगायला नको. बाया हंडे घेऊन धावल्या. सगळ्यांच्या पुढं गिरणीवाल्या गयाबाई. जन्मभर पिठाच्या गिरणीच्या आवाजावर बोलल्यामुळं त्यांची कुजबुजसुद्धा चौकापर्यंत ऐकू जाते.

कार्यकर्ता आडवा आला. "मागं व्हा! हे पाणी शार्कचं हाय!"

"कुनाचं?"

"शार्कचं! भाऊसाहेबांच्या!"

गयाबाईंनी हंडा खाली आपटला. "मानसानं मत द्यायचं अन् माशानं पानी प्यायचं! लई भारी न्याय हाय, भाऊसाहेब!"

पाईप पेटीत सोडून मी तिथंच उभा. खोटं कशाला बोलू, मेल्याहून मेल्यासारखं झालं मला. माझ्याही घरी सकाळपासून नळ कोरडा होता. अन्वरभाई माझ्या कानाशी म्हणाले, "भाई, ये मछली का धंदा है की गुनाह का?" बाया रिकामे हंडे घेऊन परत गेल्या.

*

रविवारी भाऊसाहेबांनी आम्हा दोघांनाही बोलावून ठेवलं. "साहेब असेपर्यंत शार्क फिरता राहिला पाहिजे," अशी ताकीद होती. कारण मासा लाजाळू, सारखा फिल्टरच्या मागं दडून बसायचा. मी जाळीनं त्याला पुढं ढकलत होतो.

निरीक्षक साहेब आले. पांढरेशुभ्र कपडे, खिशाला पेन. हारतुरे झाले. भाऊसाहेबांनी पेटीकडं हात केला. "हा आपला शार्क, साहेब. सगळा वॉर्ड याला टरकून असतो."

साहेबांनी मान हलवली. "वॉर्डात पाण्याची काय परिस्थिती आहे?"

"पाणी? मुबलक! टंचाईची बोंब सगळी विरोधकांची."

दाराशी हंडे वाजले. गयाबाई होत्या, गिरणी तशीच सोडून आलेल्या, कोपरापर्यंत पिठानं माखलेल्या. मागं निम्मी गल्ली.

"मुबलक म्हनले ना आत्ता?" गयाबाई म्हणाल्या. "मंग घेतो आमी आमचं."

स्टूल ओढलं, पेटीवरचं झाकण काढलं अन् हातात तांब्या घेतला. भाऊसाहेब ओरडले, "गयाबाई, हात घालू नका! शार्क हाय तो! हात तोडंल!"

"तोडू द्या की! धुऊन तरी निघंल!"

अन् खांद्यापर्यंत हात आत! पीठ पाण्यात पसरलं. एवढा वेळ दडून बसलेला शार्क लगबगीनं पुढं आला अन् गयाबाईंच्या बांगड्यांत अडकलेलं पीठ चाटायला लागला. वासरू चाटतं ना, तसा. गयाबाईंना गुदगुल्या झाल्या, त्या खुदकन हसल्या.

निरीक्षक साहेब चष्मा सावरत वाकले. "हा शार्क आहे?"

मी भाऊसाहेबांकडं बघितलं, भाऊसाहेबांनी फरशीकडं. शेवटी अन्वरभाईच बोलले.

"है ना, साहब. समंदर का नहीं, वॉर्ड का है."

तांब्यानं पाणी उपसलं जात होतं, एकामागून एक हंडे भरत होते. पाणी तळाला आलं तशा गयाबाई थांबल्या. "ऱ्हाऊ द्या एवढं. त्या मुक्या जिवाचा काय गुन्हा?" मागच्या बाया गुपचूप मागं सरल्या.

साहेबांनी खिशाचं पेन काढलं. "बाई, तुमचं पूर्ण नाव काय?"

भाऊसाहेब एकदम पुढं झाले. "साहेब, त्यांचं नाव कशाला? त्या गिरणी..."

"तुम्ही थांबा हो. बाई, नाव?"

गयाबाईंनी चुंबळ डोक्यावर ठेवली, भरलेल्या हंड्याकडं बघितलं, मग साहेबांकडं.

"नाव मागून ल्ह्या. आधी हंडा उचलू लागा!"

साहेबांनी पेन खिशात घातलं अन् हंड्याला दोन्ही हात लावले.