गादीकाकांचा अटकपूर्व जामीन

गादीकाका जुने सोफे दुरुस्त करतात. सोफ्याच्या पोटात हात घालून त्यांनी आजवर कंगवे, चमचे आणि एकदा तर एका गृहस्थांची कवळीसुद्धा बाहेर काढली आहे. सगळ्या गल्लीच्या बुडाखाली मऊ करून देणाऱ्या या माणसाच्या स्वतःच्या खोलीत मात्र एकच खुर्ची. दुसरी कशाला? बसायला येणार कोण? लग्न राहून गेलं, भाऊ वारला, वहिनी नि पुतण्या शहराच्या पार दुसऱ्या टोकाला. काकांना नियमाने फोन येतो तो नवं सिमकार्ड खपवणाऱ्या मुलीचा. काका तिलाच जेवलीस का म्हणून विचारतात.

पुतण्याच्या बायकोने छळाची फिर्याद दिली आणि त्या फिर्यादीत नवरा, सासू यांच्यामागोमाग काकांचंही नाव आलं. ते कळल्यावर काका चक्क खुलले.

“म्हणजे घरच्यांत धरलंय मला!”

“काका, आमंत्रण नाही आलेलं,” मी कपाळावर हात मारला. “अटक होऊ शकते.”

तेव्हा कुठे चेहरा उतरला.

मी शेजारी, म्हणून वकिलाकडे मीच सोबत गेलो. वहिनी नि पुतण्या आधीच येऊन बसले होते. वहिनींनी सरकून जागा केली. “या भावजी, बसा. किती वाळलात!” इतक्या वर्षांनी कुणी आपल्या वजनाची चौकशी केल्यावर माणूस विरघळणार नाही तर काय?

अटक होण्याआधीच जामीन मागायचा होता, तिघांचा मिळून एक अर्ज. वकिलांनी वाचून दाखवलं: काका वेगळे राहतात, जाणं-येणं नाही, अडीअडचणीलाही कुणी कुणाला विचारत नाही.

“तुमचं एकटेपण हा फार भक्कम मुद्दा आहे, काका!” वकील खुशीत म्हणाले. “अशा नातेवाइकाला कोर्ट सहसा नाही म्हणत नाही.”

काका कसंनुसं हसले. चला, कुठेतरी उपयोग झाला म्हणायचा.

“आणि त्या गॅलरीच्या दिवशी तुम्ही तिथे नव्हता.” वकिलांनी पेन पुढे केलं. फिर्यादीत तो दिवस होता: भर उन्हात सुनेला दुपारभर गॅलरीत कोंडलं, काका समोर होते.

“होतो की,” काका म्हणाले. “सोफा शिवायला बोलावलं होतं.”

“काका, कशाला घोळ घालता?” पुतण्या वैतागला. “असं काही झालंच नाही, हे आपलं म्हणणं आहे.”

“तुझं असेल. माझ्या डोळ्यांदेखत कडी घातलीस तू.”

वहिनींचा आवाज एकदम मऊ झाला. “भावजी, एवढं निस्तरलं की आमच्याकडेच राहायला या. मागची खोली रिकामी आहे. किती दिवस हाताने करून खाणार?”

काकांनी पेन उचललं. संपलं, असं मला वाटलं. खरं सांगायचं तर त्या मागच्या खोलीसाठी त्यांच्या जागी मीही सही ठोकली असती. बराच वेळ ते टोपणाशी चाळा करत राहिले. मग पेन खाली ठेवलं.

“माझा वेगळा अर्ज करता येईल? मी तिथे होतो, असं लिहून?”

वहिनींनी पर्स उचलली आणि त्या उठल्या.

काकांचा अर्ज दुसऱ्या वकिलाने केला. कोर्टाने जामीन दिला. अट अशी की पोलीस बोलावतील तेव्हा चौकशीला जायचं. वहिनींनाही वय बघून मिळाला. पुतण्याचा मात्र फेटाळला. व्हरांड्यात काका वहिनींकडे दोन पावलं गेले. वहिनींनी पाठ फिरवली.

चौकशीला काका इस्त्रीचा शर्ट घालून गेले.

“सोबत घरचं कुणी?” पोलीसबाईंनी विचारलं.

“नाही. हे शेजारी.”

मग काकांनी सगळं सांगितलं: कडी, गॅलरीच्या दाराची काच, काचेवर टेकलेले सुनेचे तळवे.

“आणि तुम्ही काय केलंत?”

“मी जेवत होतो. किती वर्षांनी कुणी आग्रहाने वाढत होतं. मी दुसऱ्यांदा वाढून घेतलं.”

पोलीसबाईंनी लिहिता लिहिता वर पाहिलं. “हेही लिहू?”

“लिहा,” काका म्हणाले.